आईचा वाटपाचा दावा गैरहजेरीत काढून टाकला, ३० दिवसही उलटून गेलेत, आता काय करता येईल?

माणदेशी_पोरगा

नमस्कार मंडळी. जरा लांबलचक लिहितोय, पण चार दिवस झोप नाही म्हणून सगळंच सांगतो.

माझी आई ७१ वर्षांची आहे. तिच्या माहेरी साडेचार एकर जमीन, एक विहीर, आजोबांच्या नावावरची. आजोबा गेल्यावर वारसनोंदीत आईचं नाव सातबाऱ्यावर लागलं पण दोन्ही मामा वाटणी द्यायला तयार नाहीत, म्हणून २०१७ ला तालुक्याच्या कोर्टात वाटपाचा दावा टाकला. वकील ओळखीतलेच. २०१९ ला तात्पुरती मनाई पण मिळाली, की दावा चालू असेपर्यंत मामांनी जमीन विकायची नाही. मग करोना आला, मग न्यायाधीश साहेबांची बदली झाली, शेवटी एकदाचं आईचं सरतपासाचं प्रतिज्ञापत्र (तिची स्वतःची साक्ष, लेखी) दाखल झालं आणि उलटतपास राहिला.

त्यात फेब्रुवारीत आईच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं. मी वकिलांना फोन करून सांगितलं होतं, ते म्हणाले मी मुदतीचा अर्ज देतो, आईंना आणायची गरज नाही. नंतर दोनदा फोन केला तर म्हणाले तारीख पडली की कळवतो. मी पुण्यात नोकरीला, आई माझ्याकडेच, आम्ही विश्वासावर बसलो. मागच्या आठवड्यात ऑफिसमधल्या एकाने सांगितलं की ई-कोर्ट्सच्या अ‍ॅपवर सीएनआर नंबर (प्रत्येक केसचा वेगळा ओळख नंबर) टाकला की केसची सगळी माहिती दिसते, जुन्या समन्सच्या कागदावर नंबर सापडला, टाकला, तर केस डिस्पोज्ड, खाली कारण डिसमिस्ड इन डिफॉल्ट, म्हणजे गैरहजेरीत काढून टाकली. तारीख बघितली तर ५२ दिवसांपूर्वीची.

आईला सांगितलं तर तिने एकच विचारलं, "म्हणजे मी हरले का रे?" मला काही उत्तर देता आलं नाही.

वकील आता म्हणतात परत लावून घेऊ, पण कधी ते सांगत नाहीत. गावातून कळलंय की धाकट्या मामाने जमीन बघायला कुणाला तरी आणलं होतं. माझे प्रश्न म्हणजे दावा परत उभा राहू शकतो का, ३० दिवसांची मुदत असते म्हणतात ती गेली म्हणजे सगळं संपलं का, आणि मनाई उठली का? कुणाला अनुभव असेल तर प्लीज सांगा.

---

कृष्णाकाठची_वकील

आधी आईंना सांगा की त्या हरलेल्या नाहीत. हरणं म्हणजे कोर्टाने पुरावा बघून निकाल देणं. इथे कोर्टाने हिस्सा आहे की नाही याला हातच लावलेला नाही, वादी आले नाहीत एवढ्याच कारणावर दावा काढून टाकलाय.

आता पहिलं काम, आणि हे उद्याच करा, रोजनामा बघा, म्हणजे प्रत्येक तारखेला कोर्टात काय झालं त्याची नोंद. अ‍ॅपवर नुसतं डिसमिस्ड इन डिफॉल्ट दिसतं, त्या दिवशी समोरची बाजू हजर होती का हे त्यात कळत नाही, आणि सगळं त्याच्यावर अवलंबून आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेची ऑर्डर ९ आहे. दोन्ही बाजू गैरहजर असतील तर नियम ३ खाली दावा निघतो, मग नियम ४ प्रमाणे तुम्ही तोच दावा परत लावून घ्यायचा अर्ज करू शकता किंवा मुदतीत असाल तर सरळ नवा दावा टाकू शकता. पण वादी गैरहजर आणि प्रतिवादी किंवा त्याचा वकील हजर असेल तर तो नियम ८, आणि मग नियम ९ म्हणतो की त्याच कारणावर नवा दावा टाकता येणार नाही, जुनाच परत लावून घ्यावा लागेल. तुमचा दावा पुराव्याच्या टप्प्यावर होता म्हणून कुणी ऑर्डर १७ नियम २ (पुढे ढकललेल्या तारखेला गैरहजर राहिलं तर काय, याचा नियम) म्हणेल, पण तो रस्ताही बहुतेक वेळा फिरून ऑर्डर ९ वरच येतो.

वाटपाच्या दाव्याला मात्र यात एक सवलत आहे. एकत्र मालकी जोपर्यंत चालू आहे तोपर्यंत वाटणी मागायचा हक्क रोज नव्याने जिवंत असतो, म्हणून गैरहजेरीत निघालेला वाटपाचा दावा नव्याने टाकता येतो असं कोर्टांनी वेळोवेळी धरलंय. तेव्हा अगदी वाईट झालं तरी दार पूर्ण बंद नाही. पण नवा दावा म्हणजे पुन्हा समन्स, पुन्हा कैफियत (प्रतिवादीचं लेखी उत्तर), पुन्हा मुद्दे, आणि आईंचं वय ७१. म्हणून जुना उभा करायलाच जीव तोडून प्रयत्न करा.

मुदतीचं. मुदत कायद्याचा अनुच्छेद १२२, दावा काढून टाकल्याच्या तारखेपासून ३० दिवस. लक्षात घ्या, तुम्हाला कळल्यापासून नाही, काढून टाकल्यापासून. एकतर्फी हुकूमनामा झालेल्या प्रतिवादीला समन्सच नीट लागलं नसेल तर कळल्या तारखेपासून दिवस मोजून मिळतात, वादीला ती सोय नाही कारण वादीने स्वतःच दावा टाकलेला असतो. दुसरं, बरेच लोक नकलेची वाट बघत बसतात. अपिलात नकलेला लागलेले दिवस वजा होतात, या अर्जात होत नाहीत. नक्कल मागवा पण तिच्यासाठी थांबू नका.

५२ दिवस झालेत म्हणजे आज २२ दिवस उशीर. सोबत कलम ५ चा विलंब माफीचा अर्ज जोडायचा. कलम ५ मध्ये पुरेसं कारण दाखवावं लागतं आणि गुडघ्याचं ऑपरेशन हे खरं आणि कागदावर दाखवता येणारं कारण आहे. डिस्चार्ज कार्ड, बिलं, फिजिओथेरपीच्या तारखा, सगळं लावा. १९८७ साली सुप्रीम कोर्टाने विलंबाकडे उदारपणे बघायला सांगितलंय, मुद्दाम उशीर करून पक्षकाराला काही मिळत नसतं असा त्यातला विचार आहे. आणि वकिलाच्या चुकीची शिक्षा बिचाऱ्या पक्षकाराला नको असं रफीक विरुद्ध मुन्शीलाल या १९८१ च्या निकालात सांगितलंय. पण नुसतं वकिलावर ढकलून मोकळं व्हाल तर चालत नाही, नंतरच्या निकालांत असंही आलंय की पक्षकाराने स्वतः किती चौकशी केली ते बघा. तुम्ही फोन केले होते ना, कॉल लॉग, मेसेज काही असेल तर काढून ठेवा.

मनाई दाव्यासोबत गेली, आज ती नाही. दावा परत उभा राहिला की आधीचा अंतरिम आदेशही साधारणपणे त्याच्यासोबत उभा राहतो, सुप्रीम कोर्टाचा २००४ चा निकाल तसा आहे, पण मधल्या दिवसांत खरेदीखत झालं तर त्रास होतोच. म्हणून परत लावून घ्यायच्या अर्जासोबतच जैसे थे ठेवा असा वेगळा अर्ज द्या. दाव्याची लिस पेंडन्सची (या जमिनीवर दावा चालू आहे अशी) नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवली होती का तेही बघा.

---

निवृत्त_शिरस्तेदार

३१ वर्षं कोर्टात काढली, त्यातली शेवटची दहा शिरस्तेदार, म्हणजे कोर्टाच्या कचेरीतला वरिष्ठ कारकून, म्हणून. वर ताईंनी कायदा व्यवस्थित सांगितलाय, मी फक्त त्या दिवशी नेमकं काय घडतं ते सांगतो म्हणजे तुम्हाला रोजनामा वाचता येईल.

सकाळी ११ ला साहेब बोर्डावर बसले की पट्टेवाला दाराशी उभा राहून पुकारा करतो, वादीचं नाव, प्रतिवादीचं नाव. कुणी आलं नाही तर प्रकरण बाजूला ठेवतात, जेवणाच्या सुट्टीनंतर परत पुकारतात, बरेच साहेब तर संध्याकाळी बोर्ड संपताना तिसऱ्यांदा पुकारायला लावतात. तोपर्यंत कुणी फिरकलं नाही की मग निशाणी १ (मूळ दाव्याचा कागद) खाली आदेश होतो. रोजनाम्यात मजकूर साधारण ठरलेला असतो, "वादी व त्यांचे वकील वारंवार पुकारूनही गैरहजर, प्रतिवादी क्र. अमुक तर्फे वकील हजर, दावा वादीच्या गैरहजेरीत काढून टाकण्यात येतो". तुम्हाला यात मधलं वाक्य शोधायचंय.

आणि फक्त त्या एका दिवसाचा रोजनामा बघू नका. मागच्या पाच-सहा तारखा वाचा. एका तारखेला कुणी दावा काढत नाही हो. आधी मुदतअर्ज मंजूर, मग खर्चासह मंजूर, मग शेवटची संधी असं लिहिलेलं असतं, कायद्यात पुराव्याला एका बाजूला तीनपेक्षा जास्त तारखा द्यायच्या नाहीत असंच आहे. तुमच्या वकिलांनी काय काय अर्ज दिले, खर्च भरला का नाही, आईंच्या आजारपणाचा उल्लेख एकदा तरी केला का, सगळं तिथे सापडेल. ऑपरेशनचा मुद्दा आधीच्या एखाद्या अर्जात आलेला असला तर तुमचं काम निम्मं सोपं, कारण मग ते कारण नंतर बनवलेलं नाही हे आपोआप दिसतं. वकिलांनी पक्षकाराकडून सूचना नाहीत अशी पुरशीस (कोर्टाला लेखी कळवणं) दिली होती का तेही बघा, तशी दिली असेल तर कोर्टाने तुम्हाला नोटीस काढायला हवी होती.

अजून एक, खूप जणांना माहीत नसतं. बरेच दावे सुरुवातीलाच मरतात आणि घरच्यांना पत्ता नसतो. समन्सचा भत्ता (बजावणीचा खर्च) भरला नाही, दावा काढला. समन्स बजावणी न होता परत आलं आणि सात दिवसांत नव्या समन्ससाठी अर्ज नाही, काढला. मी माझ्या टेबलावरून अशी कितीतरी प्रकरणं रेकॉर्डला जाताना बघितलीत, म्हातारे लोक दोन वर्षांनी येऊन विचारायचे साहेब आमची तारीख कधी, आणि मला त्यांना बाकावर बसवून पाणी देऊन सांगावं लागायचं. हे सांगणं मला कधी सोपं गेलं नाही.

रेकॉर्ड बघायला साधा पाहणीचा अर्ज, त्याला कोर्ट फी स्टॅम्प लावून द्या. आईंची सही घेऊन जा.

---

नाशिकचा_शेतकरी

मी दुसऱ्या बाजूचा माणूस आहे. राग मानू नका पण लिहितोच. आमच्या शेजाऱ्याने बांधावरून आमच्यावर दावा टाकलाय त्याला १९ वर्षं झाली. वडील प्रतिवादी होते, ते गेले, आता मी आहे. दोनदा दावा गैरहजेरीत निघाला आणि दोनदा परत लागला, एकदा खर्च पडला ५०० रुपये. मला घरापासून कोर्टात जायला एसटीने ४० किलोमीटर, त्या दिवसाची सगळी कामं बुडतात, द्राक्षाच्या छाटणीच्या दिवसात तर माणूस लावून जावं लागतं. पहिल्यांदा दावा निघाला तेव्हा वडील घरी येऊन देवापुढे साखर ठेवून बसले होते, सुटलो म्हणाले. सात महिन्यांनी नोटीस आली.

तुमच्या आईचं कारण खरं आहे हे पटतंय मला. पण कोर्ट जर कधीच दावा काढणार नसेल तर ज्याला नुसतं लटकवायचंय त्याचं काय, आम्ही किती वर्षं उभं राहायचं?

---

कृष्णाकाठची_वकील

दादा, तुमचं म्हणणं शंभर टक्के बरोबर आहे आणि कायदा तुमच्यासाठीही आहे. नियम ९ खाली अर्ज आला की समोरच्याला नोटीस देणं बंधनकारक आहे, तुम्हाला न ऐकता दावा परत लावता येत नाही. आणि कोर्ट खर्चाच्या अटी घालू शकतं. पुढच्या वेळी नुसता विरोध आहे असं म्हणणं देऊ नका, आत्तापर्यंत किती तारखांना हजर होतात, प्रत्येक खेपेला किती खर्च आला, वकील फी किती, हे आकडे लिहून तिकिटांसकट द्या. ५०० रुपयांचा खर्च पडतो कारण कोर्टासमोर खरा आकडा कुणी ठेवत नाही. शिवाय तिसऱ्यांदा गैरहजर राहणाऱ्याला पुरेसं कारण दाखवणं अवघड जातं आणि अवघडच जायला हवं.

---

स्पेअरपार्ट_सोलापूर

माझा अनुभव फौजदारीतला आहे पण लिहितो, कारण तिथे हे अजून जिव्हारी लागतं. एका गिऱ्हाइकाचा ३ लाख ४० हजारांचा चेक परत आला, १३८ ची (चेक न वटल्याची) केस टाकली. दोन तारखांना मी गेलो नाही, दुकानात मुलगा एकटा होता आणि वकील म्हणाले होते चालतंय. तिसऱ्याला गेलो तर केस संपलेली. आणि नुसती काढलेली नाही, आरोपी निर्दोष मुक्त! फिर्यादी गैरहजर राहिला तर त्या वेळच्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम २५६ मध्ये तसंच होतं. मी म्हटलं साहेब परत लावून घ्या, तर कळलं की खालच्या कोर्टाला स्वतःचा तो आदेश बदलताच येत नाही. मुंबईला हायकोर्टात जावं लागलं, आधी अपिलाची परवानगी, ती पण ६० दिवसांत, मग अपील. शेवटी खर्च भरून केस खाली परत आली पण मधली तीन वर्षं गेली. तेव्हापासून कुठलीही तारीख असो, मी स्वतः जातो, वकील हो म्हणोत की नाही म्हणोत.

---

कृष्णाकाठची_वकील

१ जुलै २०२४ पासून त्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी नवीन नागरिक सुरक्षा संहिता आलीय, तिच्या कलम २७९ मध्ये आता फिर्यादीला हजर व्हायला ३० दिवस देऊन मगच आरोपीला मुक्त करायचं असं घातलंय. तुमच्यासारख्यांना ते आधी मिळायला हवं होतं.

ग्राहक आयोगात तक्रार असलेल्यांनीही हे वाचून ठेवा. जिल्हा आयोगाने तक्रार गैरहजेरीत काढली तर परत लावून घ्यायचा अर्ज तिथे चालत नाही, सुप्रीम कोर्टाने २०११ लाच सांगितलंय की जिल्हा आणि राज्य पातळीला तो अधिकार नाही. ४५ दिवसांत राज्य आयोगाकडे अपील हाच रस्ता. लोक तिथे अर्ज देऊन बसतात आणि अपिलाची मुदत घालवतात.

---

माणदेशी_पोरगा

सगळ्यांचे मनापासून आभार. मधे लिहायला वेळ झाला नाही, काय झालं ते सांगतो.

वाचलं त्याच रात्री एसटीने गेलो. दुसऱ्या दिवशी पाहणीचा अर्ज दिला, दुपारी फाईल मिळाली. काकांनी सांगितलेलं वाक्य शोधलं, "प्रतिवादी क्र. २ तर्फे वकील हजर". म्हणजे नियम ८. मागचे रोजनामे पण वाचले. एका तारखेला आमच्या वकिलांनी मुदतअर्ज दिलेला आहे आणि त्यात आईच्या ऑपरेशनचा एका ओळीत उल्लेख आहे, त्याच्यावर २०० रुपये खर्च आणि शेवटची संधी असा आदेश. ते २०० रुपये भरलेलेच नाहीत. आम्हाला कुणी सांगितलंच नाही. २०० रुपये हो. माझ्या खिशात तेव्हा त्याच्या दहापट असतील.

जुन्या वकिलांकडे भांडायच्या तयारीने गेलो होतो. त्यांनी डायरी काढून पुढे ठेवली. १४ तारखेच्या जागी २४ लिहिली होती, आणि २४ च्या पानावर आमच्या दाव्याच्या नंबरापुढे पेन्सिलने आईचं नाव, खाली "चालायला लागल्या का विचारणे" असं लिहिलेलं. ते बघून माझा आवाजच बसला. त्यांनी स्वतः होऊन प्रतिज्ञापत्र दिलं की तारीख नोंदवताना माझ्याकडून चूक झाली, डायरीच्या पानाची झेरॉक्स जोडून. तरीही मी वकील बदलला, त्यांनी वकीलपत्रावर नाहरकत लगेच लिहून दिली आणि फाईलसुद्धा. फीचा विषयही काढला नाही.

अर्ज ५८ व्या दिवशी दाखल झाला, म्हणजे २८ दिवसांच्या विलंबाची माफी, सोबत दावा परत लावून घ्यायचा अर्ज आणि जैसे थे चा तिसरा. त्या थकलेल्या खर्चाचे २०० रुपये भरायची तयारीही अर्जात लिहिली. नवीन वकीलबाईंनी डिस्चार्ज कार्ड आणि फिजिओच्या ११ पावत्या तारखेप्रमाणे लावून प्रत्येकीवर नंबर टाकला. आईला प्रतिज्ञापत्रासाठी घेऊन गेलो, वॉकर घेऊन पायऱ्या चढताना खाली बाकावर मोठे मामा बसलेले दिसले. बोलले काही नाहीत, उठून वॉकर धरला आणि वर आणून दिला, आणि परत खाली जाऊन बसले. आई दिवसभर त्यावर काही बोलली नाही.

साहेबांनी प्रतिवादींना नोटीस काढलीय, भत्ता त्याच दिवशी भरला आणि पावतीचा फोटो काढून ठेवला. जैसे थे वर समोरच्यांचं म्हणणं आल्यावर ऐकणार आहेत, तोपर्यंत मन धाकधूक आहेच. लिस पेंडन्सची नोटीस पूर्वी नोंदवलीच नव्हती, ते वकीलबाई बघताहेत.

ताई, एकच विचारायचंय. नोटीस बजावायला बेलीफ गेले आणि धाकटे मामा घरीच सापडले नाहीत तर आमची पुढची तारीख फुकट जाते का, की दाराला चिकटवून चालतं? आईने विचारायला सांगितलंय, कारण तिला त्या तारखेला स्वतः यायचंय.

---

निवृत्त_शिरस्तेदार

बेलीफ नीट शोध घेऊन दाराला प्रत लावून पंचांच्या सह्या घेऊन अहवाल देतो, ते बघून साहेब बजावणी पुरेशी धरू शकतात. तुम्ही बेलिफासोबत गावातला पत्ता दाखवायला एक माणूस द्या, निम्म्या नोटिसा पत्ता सापडत नाही म्हणून परत येतात. आणि आईंना आणणार असाल तर ११ च्या आधी आणा, कोर्ट हॉलमधल्या भिंतीकडच्या बाकावर बसवा, पुकारा तिथे नीट ऐकू येतो. वृद्ध आहेत, उभं राहवत नाही असं वकीलबाईंनी सुरुवातीलाच सांगितलं तर साहेब प्रकरण आधी घेतात, माझ्या अनुभवात नाही म्हणालेले फार थोडे.